चाहूलबाईंची रिकामी खोली

"काढून टाक."

"ताई, ऐकून तर घे."

"आधी काढ, मग ऐकते."

"कुसळ नाहीये ते, उपटून फेकायला. सगळ्या मजल्यात भिनलंय."

"भिनलंय? आईचा श्वास नेऊन राक्षसिणीच्या छातीत बसवलास आणि वर मला सांगतेस भिनलंय? जनाची नाही, मनाची तरी ठेव गं!"

ताईंनी पाय बदलला आणि त्यांच्या चपलेखालची खडी माझ्या दोन्ही कानांत करकरली.

त्या उभ्याच मुळी खडीत होत्या. चाहूलबाईंच्या खोलीत धड जमीन अशी नाहीच. पलंगाएवढे चौकोन आखलेत. एकात खडी, एकात वाळू, एकात लाकडी फळ्या, दाराजवळ फरशी. पडद्यावरचं माणूस जिथून चालतंय तशा चौकोनात उतरून चाहूलबाई त्याच्यासारखं चालतात आणि वर टांगलेला माइक ती पावलं टिपतो. ताई तणतणत आत शिरल्या, त्यांना कुठे उभं राहा हे कोण सांगणार? त्या गडबडीत माइक बंद करायचंही कुणाला सुचलं नाही. मी शेजारच्या काचेच्या खोलीत, हेडफोन चढवून, माझ्या शेवटच्या सात किंकाळ्यांची वाट बघत उभी होते. दोन बहिणींचं भांडण सुरू झाल्यावर सभ्य माणसानं ते हेडफोन उतरवून ठेवायला हवेत. मी उतरवले नाहीत.

"पाच वाजता कुलूप लागतंय ना?" ताई म्हणाल्या. "तुझ्या भाचीनं सांगितलं. कुलूप लागलं की मग गेममध्ये इकडचं तिकडे करता येत नाही."

"हो."

"आत्ता सव्वातीन झालेत. पाचच्या आत आई त्यातून बाहेर आली पाहिजे. मला दुसरं काही नको."

चाहूलबाई हे नाव त्यांना नाटकवाल्यांनी दिलेलं. सव्वीस वर्षं त्या विंगेत उभ्या होत्या. पत्रा हलवून वीज पाडायची, दोन लाकडी वाट्यांनी घोडा दौडवायचा, नसलेल्या दाराची कडी काढायची. रंगमंचावर त्यांचं एकही पाऊल पडलं नाही आणि त्यांच्या पावलांवाचून एकही पात्र आत आलं नाही. एकदा नायक यायचाच विसरला. हा पठ्ठ्या खाली पानटपरीवर आणि वर त्याचा घोडा दारात. चाहूलबाईंनी घोडा चार मिनिटं दौडवला, मध्ये खिंकाळायला लावला, पाणी पाजलं. "घोड्याला टाळ्या पडल्या," त्या सांगायच्या, "आल्यावर नायकाला एकसुद्धा नाही. आठवडाभर बोलला नाही माझ्याशी."

पुढे नाटकवाले सगळे आवाज डबीत भरून आणायला लागले. चाहूलबाई या स्टुडिओत आल्या. आधी सिनेमे केले, आता गेम.

या गेममध्ये एक शिकारीण आहे. कमरेला कंदील, हातात कोयता. ती जमिनीखालचे सात मजले उतरते आणि प्रत्येक मजल्यावर एक राक्षस मारते. राक्षस मुळातली माणसंच, कुणीतरी मागे विसरून गेलेली. शिकारिणीचं ओरडणं माझं. मार खाण्याचे चाळीस प्रकार आणि मरण्याचे सतरा. बाकी सबंध शिकारीण चाहूलबाईंची. तिचे बूट, तिच्या झग्याची सळसळ, म्यानातून निघणारा कोयता. मुळा पिरगाळून मोडला की हाड, ओलं फडकं पिळलं की आतडं, आणि कोबीत सुरा खुपसला की काळीज. एक राक्षस मारायला दोन कोबी आणि जुडीभर मुळे लागतात. काम संपलं की कामी आलेली भाजी त्या पिशवीत भरायच्या. "टाकायचं कशाला? आज राक्षसाचं सूप."

मी पहिल्या दिवशी आले तेव्हा त्यांनी माझ्या तोंडाकडे पाहिलंच नाही. पाठमोऱ्याच म्हणाल्या, "नाटकातली ना? जमिनीला वर्दी देऊन चालतेस." आणि मग, "उजवी चप्पल बदल. पट्टा आज संध्याकाळी तुटेल." सहाच्या सुमाराला, बसस्टॉपवर, तुटला.

त्यांचा एकच कडक नियम. कोणतंही रेकॉर्डिंग संपलं की त्या उजवा हात वर करायच्या, पंजा उघडा. हात वर असेपर्यंत कुणी हलायचं नाही, खोकायचं नाही, मशीन बंद करायचं नाही. कारण प्रत्येक खोलीला तिचा स्वतःचा एक आवाज असतो, आत कुणी काही करत नसतानाचा. तो हवाच. इतर सगळे आवाज त्याच्यावर मांडायचे, नाहीतर ते अधांतरी वाटतात. हात खाली आला की सुटलो. या स्टुडिओत नवा माणूस आला की पाणी कुठे मिळतं याच्याआधी त्याला तो हात शिकवतात.

त्या जातील तिथली खोली टिपून आणायच्या. दातांच्या डॉक्टरची बाहेरची खोली, सुट्टीतली शाळा, सामान हलवल्यानंतरचं घर. अकराशेच्या वर रिकाम्या खोल्या जमवल्या होत्या त्यांनी, स्टुडिओच्या मशीनमध्ये, एकेकीला चिठ्ठी लावून. घरी मात्र एकही आवाज ठेवायच्या नाहीत. "घरी फक्त मी," म्हणायच्या. मी एकदा विचारलं, एवढ्या खोल्या ऐकतं कोण? त्या हसल्या. "रिकामी खोली कुणी ऐकत नाही गं. सतरंजी असते ती. तिच्यावर बसतात."

आणि ताई सांगत होत्या त्या मजल्याची गोष्ट अशी. पाचव्या मजल्यावर 'निजलेली' नावाची राक्षसीण राहते. पलंगावर पडलेली एक प्रचंड बाई, तोंड भिंतीकडे. ती श्वास घेत असेपर्यंत पुढचं दार उघडत नाही. कंदील विझवून स्तब्ध उभं राहिलं तर ती जागी होत नाही, काही करत नाही, नुसती श्वास घेत राहते. पण मग पुढेही जाता येत नाही. पुढे जायचं तर मारावंच लागतं.

पाच महिन्यांपूर्वी या मजल्यावरची पावलं घ्यायची होती. मी काचेमागे होते. चाहूलबाई शिकारिणीचे बूट घालून फळ्यांवर उभ्या राहिल्या, पडद्यावर दार उघडलं, त्या तीन पावलं चालल्या आणि थांबल्या. मी त्यांना चुकताना कधीच पाहिलं नव्हतं.

"काय झालं?" मिक्सरदादांनी विचारलं. सगळे आवाज एकत्र जुळवणारा आमचा माणूस.

"पाय अडखळला. परत."

त्या दिवशी त्या त्या पलंगाकडे चाळीस वेळा चालत गेल्या, तिऱ्हाईत बाईचे बूट घालून. मला वाटलं, वय झालं, गुडघे दुखत असतील.

"तुला माहीत तरी आहे मला कसं कळलं?" खडीतून आवाज आला.

"भाचीनं—"

"भाचीला काय कळतंय! परवा दुपारी मी चादरींच्या घड्या घालत होते. आणि आतल्या खोलीतून आला. दोन छोटे, एक लांब, मग थांबा. मी मोजायला लागले. मोजतेय हे मला कळलंसुद्धा नाही. आठ महिने दुसरं काय केलं मी? थांबली की चारपर्यंत मोजायचं. पाच झाले की हातातलं टाकून धावायचं. एक, दोन, तीन, चार. पाच झाले. मी धावले. चादरीत पाय अडकला, गुडघा फुटला, तशीच जाऊन दार ढकललं. तीच खोली. आता पोरगी बसते ना तिथे, तू खेळून बघायला दिलेला हा गेम घेऊन. ती म्हणते कशी, 'आई, दार लाव गं, मरायला आलीय ती.'"

खडीचा आवाज नाही.

"मग?" चाहूलबाई म्हणाल्या.

"मग काय? मारलं की. पोरगी हुशार आहे. कुणीतरी किंचाळलं आणि तो श्वास बंद झाला. दुसऱ्यांदा."

किंचाळले ते मीच. त्या घावासाठी मी अकरा किंकाळ्या दिल्या होत्या, त्यांतली नववी घेतली. चांगली आली म्हणून मी त्या दिवशी सगळ्यांना चहा पाजला होता.

"आणि वर पोरगी मला सांगते, मावशी हिला मारतच नाही. मावशीच्या घरी सुट्टीच्या दिवशी बघावं तर कंदील विझवून दोन-दोन तास नुसती उभी. आपल्याला वाटलं मावशीला खेळता येत नाही!" ताई थांबल्या. "म्हणजे तुला माहीत होतं."

"हो."

"कधीपासून?"

"पाच महिने."

"पाच महिने तू... आणि म्हणे निघत नाही."

"नाही निघत."

इथे दार उघडलं आणि मिक्सरदादा डोकावले. वीस वर्षं चाहूलबाईंबरोबर काम केलेला माणूस, मनानं सरळ, आणि त्यामुळेच वेळेचं भान शून्य. "काय निघत नाही? निजलेलीचा श्वास? निघेल की! मी स्वतः घोरून भरतो हवं तर. बायको म्हणतेच, राक्षस माझ्यापुढे काही नाही. तासाभराचं काम."

कुणी हसलं नाही. दादांनी एकदा हिच्याकडे पाहिलं, एकदा तिच्याकडे.

"तासाभराचं काम," ताई म्हणाल्या. "खोटं बोललीस माझ्याशी."

"बोलले."

"का?"

बोलताना चाहूलबाई कधी हात हलवत नसत, आवाज होतो म्हणून. आता एक बोट अंगठ्यावर घासत होत्या आणि तेही मला ऐकू येत होतं. "तिथं उभं राहिलं की..." त्या म्हणाल्या. "ती असते तिथं. काही मागत नाही. बरी पण होत नाही आणि जात पण नाही. मी नुसती उभी राहते."

"तेव्हा राहायचं होतंस उभी! आठ महिने होते. तू किती वेळा आलीस? चार. आणि चौथ्यांदा ते यंत्र घेऊन."

"मला ऐकवत नव्हतं गं."

"आणि मी काय, बहिरी होते?"

यावर चाहूलबाईंनी मान खाली घातली. मला त्यांनी मागे एकदा सांगितलं होतं, ताईच्या बिल्डिंगच्या जिन्यात पाऊल ठेवलं की मला कळायचं, आज आईचं किती राहिलंय. सेवा करायची तर माणसाला थोडं कमी ऐकू यावं लागतं. आणि लगेच म्हणाल्या होत्या, हे ताईला सांगू नकोस हं.

"मूळ कुठंय?" ताईंनी विचारलं. "तू यंत्रात घेतलंस ते. आहे ना?"

"आहे इथेच," मिक्सरदादा बोलून बसले. आता त्यांचाही चेहरा उतरला होता. "म्हणजे... मला ठाऊक नव्हतं हो. पाचव्या मजल्याला आजारी माणसाच्या खोलीची शांतता हवी होती. बाईंच्या रिकाम्या खोल्यांत शोधत होतो. एकीत पंख्याखाली बारीकसा श्वास सापडला. मला वाटलं, चुकून कुणी शिरलंय. मी तो उचलला, सूर खाली नेला, लय तशीच ठेवली. त्याच्यावरूनच निजलेली झाली. सगळ्यांना एवढी आवडली..." त्यांनी पडद्यावर ती चिठ्ठी काढून दाखवली. कुणी सांगितलं नव्हतं दाखवायला.

ताईंनी मोठ्यानं वाचली. "रिकामी खोली, दुपार, पंखा."



"रिकामी?" त्या म्हणाल्या. आवाज एकदम खाली आला होता. भांडणातला सगळा जोर गेला त्यातून, आणि ते ऐकायला जास्त वाईट होतं. "आई होती गं तिथे. चार दिवस होती अजून. मी तिला भरवत होते. आणि तू बाहेर जाऊन लिहिलंस, रिकामी?"

"काहीतरी नाव द्यावं लागतं, ताई."

"आई म्हणून द्यायचं. दोन अक्षरं आहेत."

"ताई—"

"लावा हो तुम्ही. ऐकू दे मला."

"नको!" चाहूलबाई पुढे झाल्या. फळ्या वाजल्या. त्यांच्या पायाचा एवढा मोठा आवाज मी पहिल्यांदा ऐकला. "ताई, मी काढते. आत्ता काढते, तुझ्यासमोर. पाचच्या आत तिचा टिपूससुद्धा राहणार नाही, शब्द देते. तू जिंकलीस. पण ते लावायला सांगू नकोस."

"आई काय तुझ्या एकटीची होती? लावा."

दादांनी लावलं.

आधी पंखा. जुना, एका पात्यात किंचित टकटक असलेला. मग खिडकीच्या पडद्याची कडी. लांब कुठेतरी कुकर. आणि त्या सगळ्याखाली, बारीक, राक्षसाचा लवलेश नसलेला, एका म्हाताऱ्या बाईचा श्वास. दोन छोटे, एक लांब, थांबा. ताईंचे ओठ हलत होते. एक मिनिट गेलं. दीड मिनिट. गेममध्ये घेतलेला भाग संपला.

रेकॉर्डिंगमधलं दार वाजलं. पावलं आली, थकलेली, सपाता ओढत चालणारी.

चाहूलबाईंनी हात वर केला. उजवा, पंजा उघडा.

मिक्सरदादांचं बोट बटणावरून उचललं गेलं. ते जागच्या जागी थिजले. काचेमागे मीही थिजले. इतक्या वर्षांची सवय. हात वर आहे, हलायचं नाही, चालू राहू दे. त्या 'थांबवा' म्हणत होत्या, हे आमच्या दोघांच्याही डोक्यात शिरलं तेव्हा उशीर झाला होता.

चादर ओढल्याचा आवाज. पलंगाची कड कुरकुरली, कुणीतरी पायाशी बसलं. मग ताईंचा आवाज आला, अगदी हळू, लहान पोराला झोपवताना काढतात तसा.

"आई. जा ना गं आता."

पंखा.

"कुणी नाहीये इथे. मी कुणाला सांगणार नाही. थकले गं मी. जा."

दोन छोटे. एक लांब. थांबा. मी मोजत होते. आम्ही चौघंही मोजत असणार. तीन. चार. पाच. सहा.

मग एक छोटा. परत एक छोटा.

आणि रेकॉर्डिंगमधल्या ताई हसल्या की रडल्या, कळलं नाही. "बरं," त्या म्हणाल्या. "राहा मग."

तिथे संपलं.

चाहूलबाईंचा हात आता खाली आला. त्या बहिणीकडे न बघता बोलायला लागल्या, चौकोनांच्या रेघांकडे बघत. "खोलीत माझाही श्वास यायला नको म्हणून मी गॅलरीत जाऊन उभी होते. लांब वायर, कानांवर हेडफोन. तुला वाटलं मी गेले. मी आत यायला हवं होतं. नाही आले. घरी ठेवायची हिंमत नव्हती. इथे ठेवलं, तर खरं नाव लिहून कसं ठेवू? कुणीतरी उघडलं असतं. रिकाम्या खोल्या कुणी ऐकत नाही, म्हणून तसं लिहिलं. तुझ्यासाठी लिहिलं गं. आईसाठी नाही."

ताईंनी पडद्यावरच्या त्या चिठ्ठीकडे पाहिलं.

"तुझं बोलणं तेवढं पुसायला बसले होते. तीन वेळा बसले. पण त्याच्या खालून तिचा श्वास चाललाय. तुझं पुसलं तर तिचाही जातो. ते मात्र खरंच निघत नाही, ताई."

मिक्सरदादा घड्याळाकडे बघत होते आणि बघत नाही असं दाखवत होते. चार वाजायला आले होते.

"गेममधलं निघेल," चाहूलबाई म्हणाल्या. "दादा घोरतील. कुणाला कळणारही नाही. आता तू म्हणशील तसं. काढू की राहू दे?"

ताईंनी खडीत पडलेली पर्स उचलली. पट्टा खांद्यावर नीट केला. चष्मा काढला, पुसला, परत लावला. बहिणीकडे एकदा पाहिलं. तोंड उघडलं असं मला वाटलं, पण काचेमुळेही वाटलं असेल.

"ताई?"

खडीवर तीन पावलं. फळ्यांवर दोन, डावा पाय किंचित ओढत. परवा फुटलेला गुडघा. फरशीवर एक. दार त्यांनी उघडंच टाकलं, त्यामुळे बाहेरच्या पॅसेजमधूनही पावलं येत राहिली, लहान होत होत, जिन्याच्या तोंडाशी येऊन थांबली.

चाहूलबाईंनी डोळे मिटले होते. एक, दोन, तीन, चार.

मग पावलं जिना उतरून गेली.